ख्लोए : एका कोवळ्या नांवाचा अर्थ आणि इतिहास

(धर्मग्रामाच्या सुवर्णमहोत्सवानिमित्त दिलेलें व्याख्यान)



ह्या महोत्सवांत आपल्या देवळाचा इतिहास सांगणारीं भाषणें पुष्कळ झालीं. कोणी पायाच्या दगडाविषयीं बोललें, कोणी घंटेविषयीं, कोणी शाळेविषयीं. मी आज एका नांवाविषयीं बोलणार आहें. धर्मग्राम जितका दगडविटांच्या देवळांत असतो, तितकाच, किंबहुना त्याहून अधिक, तो स्नानसंस्काराच्या वहींत असतो. त्या वहींतलें प्रत्येक नांव म्हणजे ह्या मंडळीचा एक जिवंत दगड होय.

तें नांव आहे ख्लोए. इंग्रजीच्या मार्गानें तें आपल्याकडे आलें म्हणून आपण त्याचा उच्चार 'क्लोई' असा करितों. आपल्या वहींत तें क्वचितच आढळतें. एखादें तरुण जोडपें हें नांव घेऊन कचेरींत येतें, तेव्हां बरोबरची आजी बहुधा विचारते, "फादर, ह्या नांवाची संतीण कोण? तिचा सण कधीं येतो?" आईबाप म्हणतात, "नांव गोड आहे." आजी म्हणते, "गोड तर गूळही असतो." मग दोन्ही पक्ष धर्मगुरूच्या तोंडाकडे पाहत राहतात.

हा वाद हंसण्यावारी नेण्यासारखा नाहीं. ज्या हांकेला मनुष्यानें जन्मभर ओ द्यावयाची, ती हांक कोठून आली, तिचा अर्थ काय, आणि ती देवाच्या घरांत शोभते कीं नाहीं, हें विचारण्याचा आजीला पूर्ण अधिकार आहे. तिच्या प्रश्नाचें उत्तर यथाशक्ति देण्याचें मीं आज योजिलें आहे.

प्रथम अर्थ पाहूं. 'ख्लोए' हा ग्रीक शब्द आहे. त्याच्या आद्याक्षराचा उच्चार प्राचीन ग्रीक लोक 'क' आणि 'ह' मिळवून, म्हणजे जवळजवळ आपल्या 'ख'सारखा करीत. इंग्रजांच्या जिभेला 'ख' साधेना, म्हणून त्याचा 'क' झाला. आपल्या वर्णमालेंत 'ख' आहेच. तेव्हां मराठींत हें नांव 'ख्लोए' असें लिहिणें मूळास अधिक धरून होईल.

ह्या शब्दाचा अर्थ, जमिनींतून नुकताच वर आलेला हिरवा कोंब. धान्याची अथवा गवताची पहिली कोवळी हिरवळ. येथें एक गोष्ट लक्षांत घ्यावी. वनस्पतींवरून मुलींचीं जीं नांवें ठेवितात, तीं बहुधा फुलांवरून ठेवितात. गुलाब, कमळ, जाई हीं नांवें पूर्ण उमललेल्या शोभेचीं आहेत. ख्लोए हें नांव फुलाचें नाहीं आणि फळाचेंही नाहीं. ज्याचें अद्यापि कांहींच झालेलें नाहीं, परंतु ज्याचें सर्व कांहीं व्हावयाचें आहे, अशा अवस्थेचें तें नांव आहे. पाळण्यांतल्या बालकास ह्याहून अन्वर्थक नांव शोधून सांपडणार नाहीं.

ग्रीक देशांत गहूं आणि जव हीं धान्यें शरदृतूच्या पावसावर पेरितात. हिंवाळ्यांत शेतें हिरवीं होतात आणि उन्हाळ्याच्या तोंडीं कापणी होते. आपल्या साष्टींत ऋतु निराळे, परंतु देखावा तोच. वडील मंडळींना आठवत असेल कीं, मृगाच्या पावसावर राबांत भात पेरलें म्हणजे थोड्याच दिवसांत त्या काळ्या जमिनीवर पोपटी रंगाची मखमल पसरे. ती मखमल म्हणजे ख्लोए. लावणी व्हावयाची असे, बेणणी व्हावयाची असे, आश्विनांतली कापणी तर फारच दूर असे. तरी ती हिरवळ पाहून शेतकऱ्याच्या जिवांत जीव येई.

आतां एक गंमत सांगतों. भाषाशास्त्रज्ञ असें मानितात कीं, ग्रीक 'ख्लोए' आणि संस्कृत 'हरि', 'हरित' हे शब्द एकाच प्राचीन मुळापासून फुटलेले आहेत. आपला 'हिरवा' हा शब्द त्याच हरित-कुळांतला. संस्कृत 'हरिद्रा' म्हणजे आपली 'हळद', तीही त्याच घराण्यांतली. कारण त्या मुळांत हिरवा आणि पिवळा हे दोन्ही रंग सामावलेले आहेत. म्हणून जी आजी हें नांव परकें म्हणून नाक मुरडते, तिच्या स्वयंपाकघरांतल्या मसाल्याच्या डब्यांत ह्या नांवाची बहीण रोज बसलेली असते. इतकेंच नव्हे, तर नळाच्या पाण्यांत जो क्लोरीन घालतात, त्यालाही सर हंफ्री डेव्ही ह्या रसायनशास्त्रज्ञानें १८१० सालीं त्याच्या हिरवट-पिवळ्या रंगावरून ह्याच ग्रीक कुळांतलें नांव दिलें. झाडाच्या पानांतल्या हरितद्रव्यास क्लोरोफिल म्हणतात, त्याचा पूर्वार्धही तोच.

ह्या नांवाचा इतिहास मात्र देवळांतून सुरू होत नाहीं, हें प्रांजळपणें सांगितलें पाहिजे. प्राचीन ग्रीक लोक दिमीतर नांवाच्या धान्यदेवतेस भजत असत आणि कोवळ्या पिकाची रक्षणकर्ती ह्या नात्यानें तिला 'ख्लोए' हें विशेषण लावीत. अथेन्स नगरांत अक्रोपोलिस टेकडीच्या पायथ्याशीं तिचें स्थान होतें. पौसानियस नामक ग्रीक प्रवाशानें इसवी सनाच्या दुसऱ्या शतकांत त्याचा उल्लेख करून ठेविला आहे. रोमन कवि होरेस ह्याच्या गीतांत ख्लोए नांवाच्या तरुणी आहेत, आणि 'दाफ्निस आणि ख्लोए' ही लाँगस ह्या ग्रीक लेखकाची मेंढपाळांची प्रेमकथा तर जगप्रसिद्ध आहे.

"मग फादर, हें मूर्तिपूजकांचें नांव नव्हे काय?" असा प्रश्न कोणी करील. त्यास उत्तर असें कीं, नवा करार उघडून पाहावा. प्रेषित पौलानें रोमकरांस लिहिलेल्या पत्राच्या शेवटीं किंख्रिया येथील मंडळीची सेविका फिबी हिची शिफारस केली आहे. फिबी हें ग्रीक पुराणांतल्या एका देवतेचें नांव. अपुल्लोस हा पौलाचा सहकारी. त्याच्या नांवांत अपोलो देव उघड दिसतो. मार्टिन हें नांव मार्स ह्या रोमन युद्धदेवावरून निघालेलें आहे. ह्या माणसांनीं स्नानसंस्कार घेतला तेव्हां त्यांचीं नांवें पुसून टाकण्याची पवित्र सभेला गरज वाटली नाहीं. माणूस पाण्यांतून नवा होऊन निघाला, आणि त्याच्याबरोबर त्याचें नांवही धुऊन निघालें.

आपल्या स्वतःच्या नांवांकडे पाहिलें तर हेंच दिसेल. १५३४ सालीं वसई आणि तिच्या आसपासचा मुलूख पोर्तुगीजांच्या ताब्यांत गेला, आणि साष्टींतल्या आपल्या पूर्वजांनीं ख्रिस्ती धर्म स्वीकारला तेव्हां त्यांना पोर्तुगीज नांवें मिळालीं. आपल्या जिभेनें त्या नांवांना आपलेंसें करून घेतलें. जोसेफाचा जुजे झाला, सेबास्त्यनाचा बस्त्याव झाला, इग्नेशियसाचा इनास झाला. १७३९ सालीं मराठ्यांनीं वसई घेतली; पोर्तुगीज गेले, परंतु जुजे आणि बस्त्याव येथेंच भात लावीत राहिले.

आणि हीं नांवें अर्थानें पाहिलीं तर आपल्या वहीची बाग होते. परेरा म्हणजे पोर्तुगीज भाषेंत नासपतीचें झाड. ओलिव्हेरा म्हणजे ऑलिव्हचें झाड. कार्वालो म्हणजे ओक वृक्ष. सिल्वा म्हणजे रान. जॉर्ज हें ग्रीक नांव. त्याचा अर्थ शेतकरी, भूमि कसणारा. स्टीफन हेंही ग्रीक नांव. त्याचा अर्थ मुकुट, आणि खेळांत जिंकणाऱ्यास ग्रीक लोक जो मुकुट घालीत तो सोन्याचा नसून पानाडहाळ्यांचा विणलेला असे. १५७९ सालीं गोव्यास आलेल्या आणि १६१६ सालीं 'क्रिस्तपुराण' प्रसिद्ध करून मराठी भाषेला आपलेंसें करणाऱ्या फादर थॉमस स्टीफन्स ह्या येशूसंघीय धर्मगुरूच्या आडनांवांतही तोच पानांचा मुकुट आहे. तेव्हां एखाद्या परेरांच्या घरीं ख्लोए जन्मास आली, तर झाडाला कोंब फुटला एवढेंच म्हणावें. त्यांत परकें कांहीं नाहीं.

परंतु येथवर जें सांगितलें तें सारें नांवाच्या सालीविषयीं झालें. गाभा पवित्र शास्त्रांत आहे.

करिंथ हें ग्रीस देशांतलें दोन बंदरांमधलें शहर. रोमन लोकांनीं इसवी सनापूर्वीं १४६ सालीं तें उद्ध्वस्त केलें, आणि पुढें इसवी सनापूर्वीं ४४ सालीं जूलियस सीझरानें तेथें नवी वसाहत स्थापिली. व्यापारामुळें तेथें देशोदेशींचे लोक येऊन राहिले. इसवी सन ५०च्या सुमारास प्रेषित पौल तेथें आला, दीड वर्ष राहिला, आणि त्यानें तेथें मंडळी स्थापन केली. मग तो पुढच्या कार्यास गेला. कांहीं वर्षांनीं तो समुद्रापलीकडे इफिस येथें असतां त्याच्या कानीं एक दुःखाची वार्ता आली कीं, करिंथच्या मंडळींत तट पडले आहेत. कोणी स्वतःस पौलाचा म्हणवितो, कोणी अपुल्लोसाचा, कोणी केफाचा, आणि कोणी तर साऱ्यांवर ताण करून ख्रिस्ताचा म्हणवितो.

ही वार्ता त्यास कोणी दिली? ख्लोएच्या माणसांनीं. करिंथकरांस लिहिलेल्या पहिल्या पत्राच्या पहिल्याच अध्यायांत, अकराव्या वचनांत, पौलानें तिचें नांव घेतलें आहे. साऱ्या नव्या करारांत हें नांव ह्या एकाच ठिकाणीं येतें. ती कोण होती, श्रीमंत होती कीं विधवा होती, करिंथची होती कीं इफिसची, ह्यांतलें कांहीं तेथें सांगितलेलें नाहीं. 'तिचीं माणसें' म्हणजे घरचीं मुलेंमाणसें कीं नोकरचाकर, हेंही मूळ ग्रीकांत स्पष्ट नाहीं. एवढें मात्र निश्चित कीं, नुसतें 'ख्लोए' म्हटलें कीं करिंथकरांस ती कोण हें कळत होतें. तिची निराळी ओळख द्यावी लागली नाहीं.

बंधुभगिनींनो, ह्या एका वचनांत शिकण्यासारखें पुष्कळ आहे. तट पडले तेव्हां करिंथांत कुजबूज झालीच असेल. विहिरीवर झाली असेल, बाजारांत झाली असेल, आणि प्रार्थना संपवून घरीं परततांना वाटेवरही झाली असेल. परंतु ख्लोएच्या माणसांनीं केली ती कुजबूज नव्हे. जो दुखणें बरें करूं शकेल त्याच्याकडे त्यांनीं तें नेलें. आणि पौलानेंही "कोणीतरी मला सांगितलें" असें न लिहितां नांव घेऊन लिहिलें. चुगली करणारा आपलें नांव झांकून ठेवितो. ख्लोएच्या घराण्याचें नांव पत्रांत उघड आलें, आणि तें पत्र साऱ्या मंडळीसमोर वाचलें गेलें. आपल्या घरावर कित्येकांचा रोष ओढवणार, हें त्यांस कळत नसेल असें नाहीं. मंडळी दुभंगण्यापेक्षां लोकांचा रोष बरा, असें त्यांस वाटलें असावें.

आतां त्याच पत्राचा तिसरा अध्याय पाहा. तट मोडण्यासाठीं पौलानें जो दृष्टांत योजिला, तो शेताचा आहे. त्याचा आशय असा कीं, लावणी पौलानें केली, पाणी अपुल्लोसानें घातलें, पण वाढविणारा देव आहे. म्हणून लावणारा कांहीं नव्हे आणि पाणी घालणाराही कांहीं नव्हे. तुम्ही देवाचें शेत आहां. त्या 'शेता'साठीं त्यानें जो ग्रीक शब्द वापरला, तो 'जॉर्ज' ह्या नांवाच्याच कुळांतला आहे. पुढें पंधराव्या अध्यायांत मृतांच्या पुनरुत्थानाविषयीं बोलतांना तो पुन्हा पेरलेल्या दाण्याकडेच वळतो: दाणा मातींत मेल्यावांचून त्यास जीवन मिळत नाहीं.

पौलानें तिच्या नांवावर मुद्दाम श्लेष केला असें मी म्हणत नाहीं. परंतु ज्या पत्राला निमित्त 'कोवळा कोंब' ह्या नांवाची स्त्री झाली, त्याच पत्रांत मंडळीला शेत म्हटलें आहे, हा योग मनन करण्यासारखा आहे. कोंब कोणाचा? ज्यानें पेरला त्याचा कीं ज्यानें शिंपला त्याचा? पौलाचें उत्तर एकच: ज्याच्या सामर्थ्यानें तो वाढतो, त्याचा.

आणि करिंथ एका पत्रानें सुधारलें असें समजूं नये. इसवी सन ९६च्या सुमारास रोमचा बिशप संत क्लेमेंत ह्यास त्याच मंडळीला पुन्हा पत्र लिहावें लागलें. कारण तेथें पुन्हा तट पडले होते. त्या पत्रांत त्यानें पौलाच्या जुन्या पत्राची आठवण करून दिली आहे. पीक चांगलें आलें म्हणून पुढच्या वर्षीं तण उगवत नाहीं असें थोडेंच आहे? बेणणी दर वर्षीं करावी लागते.

हें मी आजच कां सांगतों, तें आपणांस कळलें असेल. अंधेरीपासून बोरिवलीपर्यंत आणि घाटकोपरपासून मुलुंडपर्यंत, जेथें पूर्वीं भाताचीं शेतें होतीं तेथें आज इमारती आहेत. मरोळच्या १५७९ सालच्या जुन्या देवळाचे अवशेष आज सीप्झच्या कारखान्यांच्या आवारांत उभे आहेत. गांवठाणांतल्या आपल्या लोकांच्या शेजारीं गोव्याहून, मंगळूराहून, केरळांतून, तामिळनाडूंतून, वसईहून बंधुभगिनी येऊन राहिल्या. शेत गेलें आणि शेजार वाढला. मग प्रश्न निघूं लागले. जुने म्हणतात, "ही जागा आमच्या वाडवडिलांची, हा क्रूस आम्हीं उभा केला." नवे म्हणतात, "आज बाकें आमच्यामुळें भरतात, वर्गणी आमच्यामुळें जमते." मिस्सा कोणत्या भाषेंत व्हावी, सणाचा मान कोणाचा, समितींत कोणाचीं माणसें किती, ह्यावरून मनें दुखावतात. एक म्हणतो, मी गांवठाणाचा. दुसरा म्हणतो, मी इमारतीचा. तिसरा म्हणतो, मी आधींच्या फादरांचा. करिंथ आपल्यापासून फार दूर नाहीं.

जुन्यांचें म्हणणें खोटें नाहीं. त्यांनीं लावणी केली. नव्यांचें म्हणणेंही खोटें नाहीं. त्यांनीं पाणी घातलें. परंतु पन्नास वर्षांत ह्या वहींत जीं नांवें उगवलीं, त्यांतलें एकही दोघांपैकीं कोणी उगवविलेलें नाहीं. आक्टोबरच्या पहिल्या रविवारीं आपण आगेरा करितों. ज्यांच्या घरीं आतां वीतभर शेत उरलेलें नाहीं, तेही भाताच्या लोंब्या आशीर्वादासाठीं वेदीजवळ आणितात. त्या लोंबीवर मालकाचें नांव लिहिलेलें असतें काय? वेदीवर ठेविली कीं ती साऱ्यांची होते.

जुबिली ह्या शब्दाचाही अर्थ येथें आठवावा. लेवीय पुस्तकाच्या पंचविसाव्या अध्यायांत पन्नासावें वर्ष पवित्र पाळण्याची आज्ञा आहे. त्या वर्षीं पेरणी करावयाची नाहीं, आणि विकलेली जमीन मूळ कुळाकडे परत जावयाची. कारण जमीन देवाची आहे आणि माणसें तिच्यावर उपरी म्हणून राहतात, असें तेथें स्पष्ट सांगितलें आहे. पन्नास वर्षें झालीं म्हणून आपण हक्क मोजावयास बसलों, तर ती जुबिली नव्हे. हक्क सोडावयास शिकलों, तर ती जुबिली होय.

आतां आजीच्या प्रश्नाकडे परत येतों, कारण तिला उत्तर देणें राहिलें आहे. १९१७ सालच्या धर्मसंहितेप्रमाणें धर्मगुरूनें बालकास ख्रिस्ती नांव मिळेल अशी काळजी घ्यावी, आणि आईबाप ऐकत नसतील तर त्यांच्या नांवाला एखाद्या संताचें नांव जोडून दोन्हीं वहींत लिहावीं, असा नियम होता. १९८३ सालच्या संहितेच्या ८५५व्या कलमांत एवढेंच म्हटलें आहे कीं, ख्रिस्ती भावनेस परकें असें नांव दिलें जाऊं नये, ह्याची काळजी आईबाप, धर्ममातापिता आणि धर्मगुरु ह्यांनीं घ्यावी. जें नांव प्रेषित पौलानें आपल्या पत्रांत लिहिलें, तें ख्रिस्ती भावनेस परकें कसें म्हणावें? म्हणून नांव ठेवावें. तथापि आजीची इच्छाही मोडूं नये. संताचें नांव म्हणजे मुलासाठीं स्वर्गांत एक कैवारी; ही आपल्या वाडवडिलांची समजूत फार सुंदर आहे. त्यासाठीं ख्लोएच्या पुढें मारी किंवा आना असें दुसरें नांव जोडावें, म्हणजे मुलीला सणही मिळेल आणि आजीला समाधानही मिळेल.

आईबापांना मात्र एक मागणें आहे. नांव गोड आहे म्हणून ठेविलें, एवढ्यावर थांबूं नका. मूल कळतें झालें म्हणजे त्याला पहिल्या करिंथकर पत्राचा पहिला आणि तिसरा अध्याय वाचून दाखवा. त्याला सांगा, "बाळ, तुझ्या नांवाच्या बाईच्या घरीं मंडळीचें दुखणें झांकून ठेविलें नाहीं, आणि तें चव्हाट्यावर चघळलेंही नाहीं, जेथें औषध होतें तेथें नेलें." आणि हेंही सांगा कीं, कोंब स्वतःच्या बळानें वाढत नाहीं. कोणी लावितो, कोणी पाणी घालतो, आणि वाढविणारा निराळाच असतो.

हेंच आपल्या साऱ्या धर्मग्रामास लागू आहे. पन्नास वर्षें झालीं, तरी देवाच्या शेतांत आपण अजून कोंबच आहों. ह्या शेताच्या धन्यानें आपणांस एका बांधांत राखावें, आपल्यांतलें तण काढावें, आणि आपल्या वेळीं आपणांस कणसांनीं भरावें, एवढीच त्याच्या चरणीं प्रार्थना करून मी आपली रजा घेतों.